समानार्थी शब्दबदलाने पुनर्लेखन

समानार्थी शब्दबदलाने पुनर्लेखन म्हणजे एखाद्या उपलब्ध मजकुरातील वाक्यरचना आणि विचारक्रम बहुतांशी तसाच ठेवून त्यातील शब्दांच्या जागी समानार्थी शब्द घालणे व तयार झालेला मजकूर स्वतंत्र लेखन म्हणून सादर करणे. पाठ्यपुस्तके, टिपणे, शोधनिबंध, प्रबंध आणि प्रकल्प अहवाल अशा इंग्रजी अभ्याससाहित्याच्या बाबतीत ही पद्धत विशेष आढळते. मराठी माध्यमातून शालेय शिक्षण झालेला विद्यार्थी उच्च शिक्षणात इंग्रजी माध्यमाकडे वळतो, तेथे ती सहज रुजते. महाराष्ट्रातील परभणी जिल्हा हे अशा संक्रमणाचे ठळक उदाहरण आहे. जिल्ह्याचे अर्थकारण शेतीवर उभे आहे, शेतकऱ्याशी होणारा सर्व व्यवहार मराठीत चालतो, आणि त्याच शेतीचे पदवी व पदव्युत्तर शिक्षण मात्र इंग्रजीतून दिले जाते.

संज्ञा आणि व्याप्ती

या प्रकाराला मराठीत एकच रूढ नाव नाही. विद्यार्थ्यांच्या बोलण्यात 'शब्द फिरवणे', 'आपल्या भाषेत लिहिणे' किंवा नुसते 'पॅराफ्रेज करणे' असे म्हटले जाते. यांपैकी 'आपल्या भाषेत लिहिणे' हा प्रयोग दिशाभूल करणारा आहे, कारण शब्दबदलात भाषा लेखकाची स्वतःची नसते, ती कोशाची असते. खऱ्या भावानुवादात किंवा सारांशलेखनात वाचक मूळ मजकूर समजून घेतो, तो बाजूला ठेवतो आणि आशय नव्याने मांडतो. शब्दबदलात आशय समजण्याची गरजच उरत नाही.

इंग्रजीत यासाठी दोन विशेष संज्ञा आहेत. अमेरिकन अभ्यासक रिबेका मूर हॉवर्ड यांनी १९९० च्या दशकात 'पॅचरायटिंग' ही संज्ञा प्रचारात आणली. मूळ मजकुरातील काही शब्द गाळणे, काही बदलणे आणि व्याकरणात किरकोळ फेरफार करणे, अशा ठिगळे जोडलेल्या लेखनाला त्यांनी हे नाव दिले. दुसरी संज्ञा 'रोजेटिंग' ही ब्रिटनमधील मिडलसेक्स विद्यापीठातील प्राध्यापक क्रिस सॅडलर यांनी २०१४ च्या सुमारास वापरली. एका विद्यार्थ्याच्या लेखनात त्यांना 'सिनिस्टर बटक्स' असा अनाकलनीय शब्दप्रयोग आढळला. मुळात तेथे 'लेफ्ट बिहाइंड', म्हणजे 'मागे पडलेले', असे शब्द होते. 'लेफ्ट'चा डावा हा अर्थ घेऊन त्याचे 'सिनिस्टर' झाले, आणि 'बिहाइंड'चा शरीराचा मागचा भाग असा अर्थ घेऊन 'बटक्स'.

हे नाव पीटर मार्क रोजे यांच्या १८५२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या इंग्रजी शब्दसंग्रहावरून पडले आहे. रोजे यांनी शब्दांची मांडणी वर्णानुक्रमे केली नव्हती, कल्पनांच्या गटांनुसार केली होती. लेखकाने गटातून नेमका शब्द निवडावा हा त्यांचा हेतू होता. गटातील कोणताही शब्द कोणत्याही शब्दाच्या जागी चालेल असे त्यांनी कोठे सुचवलेले नाही. भारतीय परंपरेतील अमरकोशही एकाच वस्तूची अनेक नावे एकत्र देतो, परंतु तो पाठ करणाऱ्याला वापराचे भान काव्य आणि टीकाग्रंथ वाचून येत असे. आजच्या शालेय परीक्षेतील 'समानार्थी शब्द लिहा' या प्रश्नात हे भान सहसा तपासले जात नाही. दोन शब्दांमध्ये 'बरोबर'चे चिन्ह घालण्याची सवय तेथूनच लागते.

परभणी जिल्ह्यातील शैक्षणिक पार्श्वभूमी

परभणी १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात होते. या संस्थानात उच्च शिक्षणाच्या भाषेबाबत एक मोठा प्रयोग झाला होता. १९१८ मध्ये स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठात उर्दू हे शिक्षणाचे माध्यम ठरले आणि त्यासाठी १९१७ मध्येच भाषांतर विभाग उघडून इंग्रजी ग्रंथांची उर्दू भाषांतरे व पारिभाषिक शब्द तयार करण्याचे काम सुरू झाले. मराठी भाषक विद्यार्थ्याला हे माध्यमही परकेच होते. तरीही त्या प्रयोगातील एक गोष्ट प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने महत्त्वाची आहे: एका इंग्रजी संज्ञेला एकच प्रतिशब्द आधी निश्चित करायचा आणि मग पुस्तक लिहायचे, असा तेथील क्रम होता. शब्दबदलाची पद्धत नेमकी याच्या उलट चालते.

परभणी येथे १९५६ मध्ये कृषी महाविद्यालय सुरू झाले. १८ मे १९७२ रोजी येथे मराठवाडा कृषी विद्यापीठाची स्थापना झाली. २०१३ मध्ये त्याचे नाव वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठ असे झाले. जिल्ह्यातील कला, वाणिज्य व विज्ञान महाविद्यालये आरंभी १९५८ मध्ये स्थापन झालेल्या मराठवाडा विद्यापीठाशी संलग्न होती. १७ सप्टेंबर १९९४ रोजी नांदेड येथे स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ स्थापन झाल्यावर ती त्याच्या कक्षेत आली.

कला शाखेच्या विद्यार्थ्याला मराठीतून उत्तरपत्रिका लिहिता येते. विज्ञान आणि कृषी शाखांत मात्र पाठ्यपुस्तक, प्रात्यक्षिक वही आणि प्रबंध इंग्रजीत असतात. जिंतूर, पालम, सोनपेठ किंवा गंगाखेड तालुक्यातील एखाद्या गावातून आलेल्या विद्यार्थ्याला कोळपणी, खोडवा, पाते, मर, तांबेरा हे शब्द घरीच मिळालेले असतात. विषय त्याला ओळखीचा असतो, विषयाची भाषा नसते. अशा वेळी आधीच्या वर्षाच्या झेरॉक्स नोट्स किंवा जुना अहवाल समोर ठेवून त्यातील शब्द बदलणे हा मार्ग सोपा वाटतो. कृषी पदवीच्या अंतिम वर्षातील 'ग्रामीण कृषी कार्यानुभव' या उपक्रमात विद्यार्थी खेड्यात राहून शेतकऱ्यांसोबत काम करतो. जे पाहिले आणि ऐकले ते मराठीत असते, अहवाल इंग्रजीत द्यायचा असतो. या दोन टोकांमधले अंतर कसे ओलांडायचे, याचा स्वतंत्र सराव अभ्यासक्रमात क्वचितच मिळतो.

पद्धत

हाताने केलेल्या शब्दबदलात विद्यार्थी कोश किंवा मोबाइलवरील शब्दसूची पाहून वाक्यातील तीन-चार शब्द बदलतो, कर्तरी वाक्याचे कर्मणी करतो आणि दोन छोटी वाक्ये जोडतो. संगणकीय साधने हेच काम वेगाने करतात. यांतील पहिल्या पिढीची साधने मुळात अभ्यासासाठी तयार झालेली नव्हती. शोधयंत्रांना फसवून एकाच लेखाच्या अनेक आवृत्त्या संकेतस्थळांवर टाकण्यासाठी ती बनवली गेली. त्यांत प्रत्येक शब्दासमोर पर्यायांची यादी असे आणि यंत्र त्यातील एक पर्याय उचलत असे. शेजारचा शब्द कोणता आहे हे पाहिले जात नसे. पुढच्या साधनांनी संदर्भ लक्षात घेण्यास सुरुवात केली. नोव्हेंबर २०२२ नंतर संभाषण करणारी भाषा-प्रारूपे सर्वांच्या हाती आल्यावर वाक्ये सफाईदार झाली, परंतु न समजलेला मजकूर स्वतःचा म्हणून देण्याचा मूळ प्रश्न तसाच राहिला.

तिसरी पद्धत परतभाषांतराची आहे. इंग्रजी मजकूर यंत्राद्वारे मराठीत किंवा हिंदीत नेऊन पुन्हा इंग्रजीत आणला जातो. मराठी शब्दांच्या अनेकार्थतेमुळे यात होणारे घोटाळे पाहण्यासारखे असतात. पिकाच्या 'यील्ड'ला बोलीत 'उत्पन्न' म्हणतात, पण 'उत्पन्न' म्हणजे मिळकतही. परतीच्या प्रवासात हेक्टरी उत्पादनाचे उत्पन्न, म्हणजे पैशातील मिळकत, होऊ शकते. 'एकरी उतारा' यातील उतारा हा पिकाचा असतो, 'सातबारा उतारा' हा महसुली दस्तऐवज असतो, पुस्तकातला 'उतारा' हा परिच्छेद असतो आणि विषावरचा 'उतारा' हे औषध असते. शेतकऱ्याला यांत कधी गोंधळ होत नाही.

साम्य शोधणारी संगणकप्रणाली सामान्यतः सलग शब्दांच्या साखळ्या जुन्या मजकुरांशी ताडून पाहते. दर पाच-सहा शब्दांमागे एक शब्द बदलला की साखळी तुटते आणि साम्याची टक्केवारी घटते. शब्दबदलाचे आकर्षण मुख्यतः यातच आहे. वाचकासाठी काहीही सोपे झालेले नसते. फक्त यंत्राला दिसणारा ठसा पुसलेला असतो.

शास्त्रीय परिभाषेवर होणारा परिणाम

ललित लेखनात शब्द बदलल्याने छटा बदलते. शास्त्रीय लेखनात वस्तूच बदलते, कारण पारिभाषिक संज्ञेला व्यवहारातील समानार्थी शब्द नसतो. कृषिशास्त्रात हा धोका अधिक आहे, याचे कारण इंग्रजी कृषिपरिभाषा बव्हंशी साध्या, घरगुती इंग्रजी शब्दांतून घडलेली आहे आणि हे शब्द शब्दबदल करणाऱ्या यंत्राला सामान्य शब्दांसारखेच दिसतात.

कपाशीला बोंड लागण्याआधी येणाऱ्या कळीला मराठवाड्यात 'पाते' म्हणतात. इंग्रजीत तिला 'स्क्वेअर' म्हणतात. कोशातून या शब्दाचा पर्याय काढल्यास चौक किंवा चौरस मिळतो आणि पातेगळीवरचा परिच्छेद शहररचनेत शिरतो. वाऱ्यापावसाने पीक लोळते त्याला 'लॉजिंग' म्हणतात. त्याचा कोशातील पर्याय म्हणजे निवासाची सोय. ज्वारीवरील काणी या बुरशीजन्य रोगाचे इंग्रजी नाव 'स्मट' आहे आणि सर्वसाधारण इंग्रजीत याच शब्दाचा दुसरा अर्थ अश्लील मजकूर असा आहे. 'रस्ट' म्हणजे तांबेरा; पर्याय शोधल्यास लोखंडाचा गंज हाती येतो. ज्वारीचे कणीस 'इअर' म्हणून ओळखले जाते, तेव्हा कानाचा धोका असतोच. अशी उदाहरणे हास्यास्पद असल्यामुळे निदान लक्षात तरी येतात.

संख्याशास्त्रीय भागातील चुका अधिक घातक असतात, कारण त्या सहज वाचल्या जातात. शेतातील प्रयोगात 'ट्रीटमेंट' म्हणजे वाफ्याला दिलेली विशिष्ट प्रक्रिया, मग ती खताची मात्रा असो, वाण असो वा पेरणीची तारीख. 'कंट्रोल' म्हणजे तुलनेसाठी प्रक्रियेविना ठेवलेला वाफा. 'एरर' म्हणजे चूक नव्हे, तर सारखीच प्रक्रिया दिलेल्या वाफ्यांमध्येही उरणारी नैसर्गिक तफावत. 'रँडम' म्हणजे कसेही केलेले नव्हे, तर प्रत्येक प्रक्रियेला प्रत्येक जागा मिळण्याची समान संधी देणारी काटेकोर रीत. 'सिग्निफिकंट' या शब्दाच्या जागी महत्त्वाचा किंवा मोठा या अर्थाचा शब्द आला की वाक्य व्याकरणशुद्ध राहते आणि निष्कर्ष खोटा होतो: संख्याशास्त्रीय दृष्ट्या सार्थ असलेला फरक शेतकऱ्याच्या दृष्टीने अगदी किरकोळ असू शकतो, आणि मोठा दिसणारा फरक सार्थ नसू शकतो. प्रबंधातील एका वाक्यात 'सार्थ' आणि पुढच्याच वाक्यात त्याऐवजी दुसरा शब्द वापरला, तर परीक्षकाला दोन वेगळ्या गोष्टी सांगितल्या आहेत असे वाटते. शास्त्रीय गद्यात पुनरुक्ती हा दोष मानला जात नाही, तो तेथे शिस्तीचा भाग आहे. शालेय निबंधात मिळालेला 'एकच शब्द पुन्हा वापरू नका' हा सल्ला येथे सोडून द्यावा लागतो.

पीकसंरक्षणात परिणाम थेट शेतापर्यंत पोहोचतो. फवारणी, आळवणी आणि बीजप्रक्रिया या औषध देण्याच्या तीन वेगवेगळ्या रीती आहेत. कीटकनाशक अधिनियम, १९६८ अन्वये नोंदणी होताना औषध कोणत्या पिकावर, कोणत्या कीड-रोगासाठी, किती मात्रेत आणि कोणत्या रीतीने वापरायचे हे ठरते आणि तेच लेबलवर छापले जाते. आळवणी म्हणजे झाडाच्या बुडाशी द्रावण ओतणे. तिच्या इंग्रजी संज्ञेऐवजी 'भिजवणे' या अर्थाचा सर्वसामान्य शब्द आला तर झाडाची पाने भिजवायची, बियाणे भिजवायचे की माती, हे वाचकाला कळत नाही. अशा फिरवलेल्या इंग्रजी टिपणावरून कोणी मराठी घडीपत्रिका तयार केली, तर चूक भाषेची राहत नाही.

सर्वच मराठी शब्दांना इंग्रजी जोडी मिळतेच असेही नाही. पाऊस पडून गेल्यावर जमीन चिखलही नाही आणि कोरडीही नाही, मातीच्या कणांमधल्या पोकळीत ओल आणि हवा दोन्ही खेळत आहेत, अशा पेरणीयोग्य अवस्थेला 'वाफसा' म्हणतात. पाठ्यपुस्तकातील 'फील्ड कपॅसिटी' ही संज्ञा याच्या जवळ जाते, पण ती अतिरिक्त पाणी निचरून गेल्यावर मातीत टिकलेल्या ओलाव्याचे मोजमाप आहे. परभणीच्या भारी काळ्या जमिनीत हा फरक महत्त्वाचा ठरतो, कारण तेथे वाफसा येण्यास वेळ लागतो आणि आला की फार काळ टिकत नाही. दोन्ही संज्ञा ओळखणारा विद्यार्थी दोहोंमधला संबंध एका वाक्यात सांगू शकतो. ते वाक्य कोणत्याही जुन्या अहवालातून उचललेले नसते.

शोधसाहित्यातील प्रसार

जुलै २०२१ मध्ये गिय्योम काबानाक, सिरिल लाबे आणि अलेक्झांडर मगाझिनोव या संशोधकांनी शोधनिबंधांत आढळणाऱ्या अशा विद्रूप शब्दप्रयोगांवर एक लेख प्रसृत केला. त्यांनी या प्रयोगांना 'टॉर्चर्ड फ्रेझेस', म्हणजे छळलेले शब्दप्रयोग, असे नाव दिले. कृत्रिम बुद्धिमत्तेसाठी 'काउंटरफिट कॉन्शसनेस' (बनावट जाणीव), बिग डेटासाठी 'कोलॉसल इन्फर्मेशन' (अवाढव्य माहिती) आणि स्तनांच्या कर्करोगासाठी 'बुझम पेरिल' (वक्षसंकट) ही त्यांतील गाजलेली उदाहरणे होत. अशा खुणांवरून संशयास्पद निबंध हुडकणारी एक संगणकीय चाळणीही त्यांनी उभारली. तिच्यामुळे नामांकित प्रकाशकांच्या नियतकालिकांतूनही अनेक निबंध मागे घ्यावे लागले. असे निबंध समपरीक्षणातून पार पडले होते. याचा अर्थ लेखकाप्रमाणे परीक्षकांनीही ते वाचलेले नव्हते.

भारतात पीएच.डी.साठी प्रबंध सादर करण्यापूर्वी शोधनिबंध प्रसिद्ध करण्याची अट विद्यापीठ अनुदान आयोगाच्या नियमांत अनेक वर्षे होती. नोव्हेंबर २०२२ च्या नव्या नियमांत ती अनिवार्य राहिली नाही. ही अट, इंग्रजीतच लिहिण्याचा आग्रह आणि साम्याच्या टक्केवारीची मर्यादा या तिन्ही गोष्टी एकत्र आल्याने 'टक्केवारी कमी करून देण्याच्या' सेवांना बाजारपेठ मिळाली. त्यांच्या जाहिराती महाजालावर उघडपणे दिसतात.

नियम

विद्यापीठ अनुदान आयोगाने शैक्षणिक सचोटी आणि वाङ्मयचौर्य प्रतिबंधाविषयीचे विनियम जुलै २०१८ मध्ये जारी केले. त्यांनुसार १० टक्क्यांपर्यंतचे साम्य किरकोळ मानले जाते व त्यास शिक्षा नाही. १० ते ४० टक्के साम्य आढळल्यास विद्यार्थ्याला जास्तीत जास्त सहा महिन्यांच्या मुदतीत सुधारित प्रत द्यावी लागते. ४० ते ६० टक्क्यांसाठी वर्षभर सुधारित प्रत देण्यास मनाई होते आणि ६० टक्क्यांहून अधिक साम्य असल्यास नोंदणी रद्द होते. अवतरणचिन्हांत श्रेयासह दिलेला मजकूर, संदर्भसूची, ऋणनिर्देश, सर्वसाधारण संज्ञा, कायदे, प्रमाणित चिन्हे व समीकरणे तपासणीतून वगळली जातात. योगायोगाने जुळणाऱ्या सलग चौदा शब्दांपर्यंतच्या मजकुरालाही सूट आहे.

पारिभाषिक संज्ञा बदलण्याचे कोणतेही कारण या विनियमांत नाही, हे त्यातील वगळलेल्या बाबींवरून स्पष्ट होते. तरीही टक्केवारीच्या भीतीने सर्वप्रथम संज्ञाच बदलल्या जातात. आणखी एक दुर्लक्षित तरतूद अशी की हे विनियम पदव्युत्तर व संशोधन पदवीच्या प्रबंधांना आणि प्रकाशित लेखनाला लागू होतात. गृहपाठ, सत्रनिबंध, प्रकल्प अहवाल आणि उत्तरपत्रिका त्यांच्या व्याख्येतून वगळल्या आहेत. म्हणजे ज्या टप्प्यावर शब्द फिरवण्याची सवय लागते, त्या पदवी स्तरावर तिची दखल घेणे सर्वस्वी शिक्षकाच्या हाती राहते. वाङ्मयचौर्याच्या व्याख्येत दुसऱ्याचे काम किंवा कल्पना स्वतःची म्हणून मांडणे याचाही समावेश आहे, त्यामुळे सर्व शब्द बदलून साम्य शून्यावर आणले तरी श्रेय न दिलेले लेखन चौर्यच ठरते.

तपासणीसाठी गांधीनगर येथील इन्फ्लिबनेट केंद्राने २०१९ पासून 'शोधशुद्धी' या उपक्रमाद्वारे विद्यापीठांना साम्यशोधक प्रणाली पुरवली आहे. याच केंद्राच्या 'शोधगंगा' भांडारात देशभरातील प्रबंध ठेवले जातात. कृषी विद्यापीठांच्या प्रबंधांसाठी 'कृषिकोश' हे स्वतंत्र भांडार आहे. प्रबंध कपाटात बंद असताना नक्कल करणे आणि ती पकडणे दोन्ही कठीण होते. आता दोन्ही सोपे झाले आहे.

प्रताधिकाराची बाजू थोडी वेगळी आहे. कल्पनेला प्रताधिकार नसतो, अभिव्यक्तीला असतो, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने १९७८ च्या आर. जी. आनंद विरुद्ध डिलक्स फिल्म्स या निकालात मांडले. प्रताधिकार कायदा, १९५७ खासगी अभ्यास, संशोधन आणि अध्यापनासाठी मर्यादित सवलती देतो. त्यामुळे स्वतःच्या वहीत मजकूर फिरवून लिहिणारा विद्यार्थी कायदा मोडत नाही. तोच मजकूर गाईड म्हणून छापून विकला आणि त्यात मूळ पुस्तकाची मांडणी व उदाहरणे त्याच क्रमाने आली, तर शब्द वेगळे असणे हा पुरेसा बचाव ठरेलच असे नाही.

शैक्षणिक दृष्टिकोन आणि पर्याय

हॉवर्ड यांच्या मते ठिगळलेखन हा नेहमीच अप्रामाणिकपणा नसतो. अपरिचित विषयाची भाषा शिकताना नवखा लेखक या टप्प्यातून जातो. नवीन पेहराव अंगाला बसेपर्यंत तो उसना वाटतोच. या मताचा स्वीकार केल्यास शिक्षेआधी शिकवण्याची जबाबदारी येते, आणि इंग्रजी ही तिसरी भाषा म्हणून शिकलेल्या विद्यार्थ्यांच्या बाबतीत हा आग्रह रास्त आहे. मात्र यंत्राने फिरवलेल्या मजकुराला हा युक्तिवाद लागू करता येत नाही, कारण त्यात विद्यार्थ्याने भाषेशी झटापट केलेली नसते.

मजकूर सोपा करणे आणि शब्द फिरवणे यांतही फरक करावा लागतो. चार्ल्स ऑग्डन यांनी १९३० मध्ये मांडलेल्या 'बेसिक इंग्लिश'मध्ये ८५० शब्दांत व्यवहार करण्याची योजना होती. तेथे प्रत्येक अवघड शब्दाचा अर्थ उलगडून सांगावा लागतो, म्हणून तो आधी समजावा लागतो. शब्दबदलात सोप्या शब्दाच्या जागी बहुधा अधिक अवघड शब्द येतो, कारण सोपा शब्द मूळ लेखकाने आधीच वापरलेला असतो.

मराठीतून विचार करून इंग्रजीत लिहिणे हा अधिक उपयुक्त मार्ग मानला जातो. मूळ परिच्छेद वाचून पुस्तक मिटायचे, आशय मराठीत चार ओळींत लिहायचा, संज्ञा जशाच्या तशा ठेवायच्या, मग त्या चार ओळी साध्या इंग्रजीत उतरवायच्या आणि शेवटी मूळ पुस्तकाशी ताडून स्रोताचा उल्लेख करायचा. यासाठी लागणारी साधने उपलब्ध आहेत. महाराष्ट्र शासनाच्या भाषा संचालनालयाने कृषिशास्त्रासह अनेक विषयांचे परिभाषा कोश प्रसिद्ध केले आहेत. १९८९ मध्ये स्थापन झालेल्या यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठाने मराठीत स्वयं-अध्ययन साहित्य तयार केले आहे. परभणीच्या कृषी विद्यापीठाची शेतकऱ्यांसाठीची कृषी दैनंदिनी मराठीत निघते. तिच्यातील पेरणीचे अंतर, बियाण्याचे प्रमाण आणि कीड-रोगांची नावे वर्गातील इंग्रजी पुस्तकासोबत ठेवून वाचली, तर एकाच गोष्टीची दोन भाषांतील नावे विद्यार्थ्याला समोरासमोर दिसतात. पाते आणि 'स्क्वेअर' ही जोडी एकदा अशी भेटली की चौकाकडे जाण्याचे कारण उरत नाही.